वाचकांचे प्रश्न : आययूची ‘क्कोत्गाल्पी’ आणि जुनी कोरियन गाणी

प्रश्न : कोरियन गायिका आययूचे जुन्या गाण्यांचे अल्बम किती? सुरुवात कुठून करावी?

तीन, इतरांची जुनी कोरियन गाणी तिने नव्याने गायलेले, आणि तिन्हींचं नाव ‘क्कोत्गाल्पी’. पहिला मे 2014 मध्ये आला, त्यात 7 गाणी. दुसरा सप्टेंबर 2017, तिसरा मे 2025, दोन्हींत 6-6. ‘क्कोत’ म्हणजे फूल आणि ‘छेक्गाल्पी’ म्हणजे पुस्तकातली खूण. दोन्ही शब्द जोडून हे नाव झालं, पानांत दाबून ठेवलेल्या फुलासारखं.

सुरुवात पहिल्या अल्बममधल्या ‘नॉए उइमी’पासून करा. मूळ गाणं सानुल्लिम या बँडचं, 1984 सालचं. त्या बँडचे किम चांग-वान स्वतः आययूबरोबर गायले आहेत, त्यामुळे तीस वर्षांचं अंतर एकाच गाण्यात ऐकू येतं. त्यातली छोट्या रेल्वे स्थानकावर फुललेली कॉसमॉसची फुलं लक्षात ठेवा. कोरियात ही फुलं म्हणजे शरदाची चाहूल.

प्रश्न : आधी मूळ गाणं ऐकावं की नवं? मला नेहमी नवंच जास्त आवडतं, असं का?

आधी मूळ, लगेच नवं, मग पुन्हा मूळ. तिसऱ्या वेळचं ऐकणं सर्वांत महत्त्वाचं, कारण कुठे काय बदललं ते तेव्हाच कळतं.

नवंच सरस वाटण्यामागे बऱ्याचदा आवाजाची पातळी असते. अलीकडची रेकॉर्डिंग जुन्यांपेक्षा चढ्या आवाजात तयार होतात आणि मोठा आवाज कानाला आपोआप भरदार वाटतो. ॲपमध्ये सगळ्या गाण्यांचा आवाज सारखा ठेवण्याची सोय असेल तर ती चालू करा. नसेल तर नव्या गाण्याचा आवाज कमी करत न्या आणि दोन्हीकडे गायकाचा आवाज सारखा वाटला की थांबा. एवढ्यानेच पुष्कळ मतं बदलतात.

मग तीन गोष्टी तपासा. लय : 15 सेकंदांतले ठोके मोजून चारने गुणा. पट्टी : मूळ गाण्याची पहिली ओळ जिथे टेकते तो सूर गुणगुणत धरून ठेवा आणि नवं लावा. पुरुषाचं गाणं बाई गाते तेव्हा पट्टी बहुधा हललेली असते. उदाहरणार्थ ई मुन-से यांचं 1987 चं ‘सारांगी चिनागाम्यन’. तिसरी गोष्ट, सुरुवातीला काय वाजतं. यांग ही-उन यांच्या 1991 च्या ‘काउल आच्छिम’ची, म्हणजे शरदातल्या सकाळची, सुरुवात आययू एकही वाद्य न घेता करते. पहाटेची शांतता तिथेच उभी राहते. हे गाणं अल्बमच्या आधी, 18 सप्टेंबर 2017 ला सकाळी 7 वाजता आलं. वेळ अगदी नेमकी निवडली होती.

प्रश्न : मूळ गाणी शोधताना भलतंच काहीतरी समोर येतं.

रोमन लिपीत एकाच कोरियन नावाची चार-चार स्पेलिंगं चालतात, घोळ तिथेच होतो. आययूच्या गाण्याखालचं हंगुल या कोरियन लिपीतलं नाव उचला, त्यापुढे मूळ गायकाचं नाव हंगुलमध्येच जोडा आणि निकालात साल बघा. त्याच नावाची इतरांनी गायलेली गाणीही असतात, शिवाय मूळ गायकाने पुढे नव्याने केलेलं रेकॉर्डिंगही असू शकतं. ‘नॉए उइमी’ शोधताना 1984 ऐवजी बरंच नंतरचं साल दिसलं तर ते पुन्हा प्रकाशित केलेलं मूळ आहे की नवं गायन, हे ऐकूनच ठरवा.

प्रश्न : दुसऱ्या अल्बममधल्या ‘केयोउल’ या गाण्याचा इंग्रजी अनुवाद वाचला, पण एवढं कौतुक का ते कळलं नाही.

कारण अनुवादात व्याकरण गळतं, आणि या गाण्याचा जीव व्याकरणात आहे. शब्द कवी किम सो-वोल यांचे, 1925 च्या संग्रहातले. चोंग मी-जो यांनी ते 1972 मध्ये गायले. ‘केयोउल’ म्हणजे ओढा उथळ होऊन खळाळतो ती जागा. तिथे रोज बसणाऱ्या माणसाला सोडून गेलेल्याने एक वचन दिलं असावं : जातोय, पण कायमचा जात नाही. कोरियन ओळीत या वचनाच्या क्रियापदाला एक इवलासा ‘शी’ लागतो. तो जाणाऱ्याविषयीचा आदर दाखवतो. इंग्रजीत तो उरत नाही, मराठीत मात्र उरतो. ‘म्हणाला’ऐवजी ‘म्हणाले’ करून पाहा. सोडून गेलेल्याबद्दलही आदराने बोलणं, सगळं दुःख त्यातच आहे. आययूही तिथे आवाज चढवत नाही. ते फार शहाणपणाचं आहे.

प्रश्न : अशा अल्बमसाठी परवानगी कुणाची लागते?

गीतकार आणि संगीतकार यांची, किंवा त्यांच्या वारसांची. कोरियात चाल वा मांडणी बदलायची तर त्यांची वेगळी संमती घेतात. किम सो-वोल 1934 मध्ये वारले, त्यामुळे त्यांची कविता आता सर्वांना खुली आहे. चाल खूप नंतरची, तिचे हक्क वेगळे.