ठाण्यातल्या कथेत कालजादूचे शिकाऊ उमेदवार पहिल्या वर्षी काय शिकतील?

तुम्ही विचारलंय की कालजादूगारांचा संघ ठाण्यात आहे, शिकाऊ मुलं पहिल्याच प्रकरणात वेळ थांबवतात, पण ते खरं वाटत नाही; काय करावं? माझ्या मते थांबवणं पुढे ढकला आणि पहिलं अख्खं वर्ष मोजण्याला द्या. ज्याला पळ मोजता येत नाही, त्याने ते थांबवलं काय नि सोडलं काय, वाचकाला फरक कळत नाही.

मापं आपली जुनीच घ्या. अहोरात्राच्या 60 घटका, घटकेची 60 पळं, पळाची 60 विपळं. घटका 24 मिनिटांची, पळ 24 सेकंदांचं, विपळ 0.4 सेकंदाचं. एक गुरू अक्षर उच्चारायला लागणारा काळ म्हणजे एक विपळ, अशी परंपरेतली व्याख्या आहे. त्यामुळे मंत्र हेच घड्याळ होतं. विद्युन्माला वृत्तात चरणाची आठही अक्षरं गुरू असतात, म्हणजे साडेसात चरणांत बरोबर एक पळ. अर्ध्या चरणावर थांबणं जिभेला नको असतं, नवखा हटकून आठवा चरण पुरा करतो आणि चार विपळं जास्त जातात. एखादं लघू अक्षर घुसलं तर अर्धं विपळ कमी पडतं. चूक कुठे झाली हे गुरूला नुसत्या कानाने सांगता यायला हवं.

मग घटिकापात्र. हा भाग घाईने उरकू नका, कथेचा जीव इथे आहे. तळाला बारीक भोक असलेली तांब्याची वाटी पाण्याने भरलेल्या घंगाळात तरंगत सोडतात. भोकातून पाणी आत चढतं आणि वाटी 24 मिनिटांत बुडते. ‘घटका भरली’ हे आपण म्हणतो ते यावरूनच. पाव लिटरच्या वाटीला भोक साधारण पाऊण मिलिमीटरचं लागतं, पण शिकाऊने अर्ध्या मिलिमीटरपासून सुरुवात करावी, कारण भोक मोठं करणं सोपं आणि लहान करणं जिकिरीचं. वाटी उशिरा बुडते? सुईने किंचित कोरा. लवकर बुडते? बाहेरून भोकाभोवती हलके ठोके देऊन धातू आत सरकवा. अगदी थोडाच उशीर होत असेल तर भोकाला हात लावू नका, तळाशी तांब्याची छोटी कडी ठेवा. वाटी जड झाली की खोल बसते, आत-बाहेरच्या पातळीतला फरक वाढतो आणि पाणी जोरात शिरतं.

बिघाडही नेमके दाखवा. बोअरिंगच्या पाण्याचे क्षार भोकात जमतात, वाटी रेंगाळते. थंड पाणी दाट वागतं, म्हणून जानेवारीच्या पहाटेची घटका मे महिन्यातल्या दुपारच्या घटकेपेक्षा लांबते. मागच्या फेरीचं पाणी पुसलं नाही तर पुढची घटका आखूड होते. तलावपाळीवर उघड्यावर प्रयोग केला तर वाऱ्याच्या लाटा काठावरून आत येतात आणि सगळंच फुकट. दर घटकेला एका मिनिटाची चूक म्हणजे दिवसाला 60 मिनिटं, अडीच घटका! तुमच्या जादूची किंमत इथूनच काढा: घेतलेला काळ त्याच अहोरात्रात फेडायचा, हा नियम ठेवा. क्षार साचलेल्या वाटीवर ‘एक घटका’ उसनी घेणाऱ्याने प्रत्यक्षात 25 मिनिटं घेतलेली असतात. वहीत न चढलेली ती अडीच पळं कोणाच्या खात्यातून गेली, यावर तुमचं दुसरं प्रकरण उभं राहील.

वाटी तपासायची कशाशी? सूर्याशी. अंगणात सरळ काठी रोवा, सावली सर्वांत आखूड होते ती खरी दुपार. ठाण्यात ती बारा वाजता होत नाही. भारतीय प्रमाणवेळ 82.5 अंश रेखांशाची, ठाणे सुमारे 73 अंशांवर, म्हणून सरासरी 12:38 च्या आसपास. फेब्रुवारीच्या मध्यात 12:52, नोव्हेंबरच्या सुरुवातीला 12:22. शून्य सावलीचे, म्हणजे खऱ्या दुपारी सूर्य बरोबर डोक्यावर येऊन काठीची सावलीच पडत नाही असे दिवस दोन, मेच्या मध्यात आणि जुलैच्या अखेरीस. दुसरा बहुधा ढगांत जातो, म्हणून वर्षाची परीक्षा मे महिन्यातच ठेवा.

यातून एक सुंदर गोष्ट हाती येते. 1906 साली प्रमाणवेळ आली तरी मुंबईत ‘मुंबई टाइम’ 1955 पर्यंत वापरात होता, प्रमाणवेळेच्या 39 मिनिटं मागे. ती 39 मिनिटं, म्हणजे एक घटका साडेसदतीस पळं, तुमच्या संघाची मूळ पुंजी करा. मला तरी याहून चांगली तिजोरी सुचत नाही.

खाडीला विसरू नका. चेंदणी कोळीवाड्यातल्या मुलीला संघात घ्या, तिला अर्धी विद्या घरातूनच येत असेल: तिथीची पाऊणपट म्हणजे भरतीची वेळ. चतुर्थीला तीन, अष्टमीला सहा, पौर्णिमेनंतर पुन्हा एकपासून. हा ठोकताळा किनाऱ्याचा आहे; खाडीत आत भरती उशिरा पोचते. तो उशीर तिने स्वतः वाटी लावून, पंधरा दिवस, रात्रीच्या भरतीलाही उठून मोजावा.