बोगद्यातलं पत्र

प्रश्न : आमच्या फिल्म क्लबात 'न्यूज फ्रॉम होम' दाखवला, इंग्रजी आवृत्ती. दीड तास न्यूयॉर्कचे रस्ते, भुयारी रेल्वे, आणि एक बाई आईची पत्रं वाचतेय. तीही गाड्यांच्या आवाजात धड ऐकू येत नाहीत. शेजारचे गृहस्थ चक्क घोरत होते. आवाजाची चूक म्हणायची की मुद्दाम केलंय? आणि याला सिनेमा का म्हणायचं?
— एक वाचक, सातारा

उत्तर : ताई, त्या गृहस्थांना माफ करा. पहिल्या खेपेला मीही डुलक्या काढल्या होत्या.

आवाज मुद्दामच तसा आहे. वाचणारी बाई म्हणजे दिग्दर्शिका शांताल आकेरमान स्वतः. जन्म १९५०, ब्रसेल्स. घर पोलंडहून आलेल्या ज्यूंचं. आई औशवित्झच्या नाझी छळछावणीतून जिवंत परतलेली, पण त्याविषयी लेकीशी बोलायची नाही. १९७१ साली लेक न्यूयॉर्कला गेली आणि मागोमाग आईची पत्रं. कुणाची तब्येत, कुणाचा वाढदिवस, पैशांची ओढाताण, आणि फिरून फिरून तेच : लिहीत का नाहीस? लेक मध्यंतरी मायदेशी परत गेली, आणि न्यूयॉर्कचं हे चित्रण केलं १९७६ मध्ये. म्हणजे आपण बघतो ते रस्ते पत्रं आली तेव्हाचे नाहीतच. ती वाचते भराभर, कोरडेपणानं. गाडी आली की आई अर्ध्या वाक्यात बुडते. गाडी गेल्यावर पुन्हा ऐकू येते, पण मधलं गेलं ते गेलंच.

मला हे कळलं ते सिनेमाच्या अभ्यासानं नाही. १९७८ साली मी डोंबिवलीला कॉटबेसिसवर राहायचो. आईचं अंतर्देशीय यायचं, जागा संपली की कडेच्या घडीवर आडवं लिहिलेलं. ते मी सकाळच्या फास्ट लोकलमध्ये दाराशी उभा राहून वाचायचो. पारसिकच्या बोगद्यात अक्षर दिसायचं नाही. बाहेर आलो की ठाणं जवळ, रेटारेटी, पत्र खिशात. उरलेलं रात्री वाचू म्हणायचं, ते राहूनच जायचं. एकात 'गुडघ्यासाठी मिरजेला जाऊन आले' असं होतं. डॉक्टर काय म्हणाले, हे मी विचारलंच नाही.

सिनेमा का म्हणायचं? भुयारी गाडीच्या डब्यात कॅमेरा नुसता ठेवलाय. दारं उघडतात, मिटतात, माणसं चढतात, उतरतात, एखादा आपल्याकडेच टक लावून बघतो. किती वेळ बघायचं हे दिग्दर्शिका ठरवते, आणि आपल्याला सोयीचं वाटेल त्याहून जास्तच बघायला लावते. माझ्या लेखी तेवढं पुरे. तुम्हाला कंटाळा आला असेल तर आला, त्यात लाजण्यासारखं काही नाही.

पुन्हा दाखवलात तर एक करा : पत्र ऐकू यावं म्हणून आवाज वाढवू नका. क्लबवाले हमखास वाढवतात, मग गाडीही वाढते.

आणि शेवट चुकवू नका. कॅमेरा फेरीबोटीवर असतो. मॅनहॅटन मागे सरत जातं, तेव्हाचे जुळे मनोरे धुरकटात, सीगल पक्षी, पाण्याचा आवाज. दहा-एक मिनिटं, आणि एकही पत्र नाही. तेवढ्यासाठी शेजारच्या गृहस्थांना कोपर मारून उठवलंत तरी चालेल.