वाचकांचे प्रश्न : शहरी वाहिनीवरचा मनोरंजन बातमीदार

प्रश्न : राष्ट्रीय वाहिन्या असताना अमेरिकेतील एखादी शहरी वाहिनी मनोरंजनासाठी स्वतःचा बातमीदार का ठेवते? एवढ्याच कामात कोणाची कारकीर्द होऊ शकते का?

उत्तर : होऊ शकते, आणि त्याचे ठळक उदाहरण सॅम रुबिन यांचे आहे. लॉस एंजेलिसच्या ‘केटीएलए’ वाहिनीने १९९१ मध्ये सकाळचा बातम्यांचा कार्यक्रम सुरू केला, त्याच वर्षी रुबिन तेथे रुजू झाले आणि १० मे २०२४ रोजी वयाच्या ६४व्या वर्षी निधन होईपर्यंत तेथेच राहिले. अर्थात त्या शहरात चित्रपट हा स्थानिक उद्योगच आहे. पडद्यावरचा नट जसा बातमीचा विषय, तसेच प्रकाशयोजना सांभाळणारे, सेट उभारणारे आणि रंगभूषा करणारे शेकडो लोक सकाळी तीच बातमी पाहत असतात. २०२३ मध्ये पटकथालेखकांपाठोपाठ १४ जुलैपासून ९ नोव्हेंबरपर्यंत अभिनेत्यांचा संप चालला, तेव्हा संघटनेच्या नियमांमुळे कलाकारांना मोठ्या स्टुडिओंच्या चित्रपटांची प्रसिद्धी करता येत नव्हती. अशा काळात मनोरंजनाच्या बातमीदाराला वाटाघाटी, मानधन आणि थांबलेली चित्रीकरणे यांविषयी बोलता आले नाही, तर त्याच्याकडे सांगण्यासारखे फारसे काही उरत नाही.

प्रश्न : कलाकारांच्या या मुलाखती एकसारख्याच का वाटतात?

उत्तर : कारण त्या बहुधा एकाच खोलीत, एकाच दिवशी घेतलेल्या असतात. हॉटेलातील खोलीत चित्रपटाच्या भित्तिचित्रापुढे कलाकार बसतो, कॅमेरे आणि दिवे स्टुडिओने लावलेले असतात, बाहेर बातमीदार रांगेने थांबतात, प्रत्येकाला जेमतेम चार-पाच मिनिटे मिळतात आणि वेळ संपत आली की कॅमेऱ्यामागून प्रसिद्धी सांभाळणारी व्यक्ती खूण करते. पुढच्या चित्रपटाचे बोलावणे याच व्यक्तीच्या हातात असते, त्यामुळे अडचणीचा प्रश्न विचारायला धीर लागतो. या व्यवसायाचे खरे दुखणे हेच आहे, असे आमचे मत आहे. स्थानिक बातमीदाराची जमेची बाजू एवढीच की, वर्षानुवर्षे समोर येत राहिल्याने कलाकार त्याला ओळखू लागतात, आणि ओळखीच्या माणसाशी बोलताना पाठ केलेली उत्तरे थोडी मागे पडतात. रुबिन यांच्याबाबत मुलाखतकार आणि समीक्षक अशा दोन्ही भूमिका एकत्र आल्या होत्या. प्रसारण माध्यमांतील चित्रपट समीक्षकांच्या संघटनेचे ते संस्थापक सदस्य होते. या दोन भूमिका एकाच माणसाने सांभाळाव्यात का, यावर दुमत होऊ शकते. मुलाखतीतली आपुलकी परीक्षणात उतरत नाही ना, हे प्रेक्षकाने पाहायला हवे.

प्रश्न : थेट प्रक्षेपणात मोठी चूक झाली तर नोकरी जाते का?

उत्तर : नेहमी नाही. फेब्रुवारी २०१४ मध्ये अभिनेते सॅम्युअल एल. जॅक्सन ‘रोबोकॉप’ या चित्रपटाच्या प्रसिद्धीसाठी ‘केटीएलए’वर आले असता रुबिन यांनी त्यांना ‘सुपर बोल’ या अमेरिकन फुटबॉलच्या अंतिम सामन्याच्या वेळच्या जाहिरातीबद्दल विचारले. आपल्याला मोटारीच्या जाहिरातीत दिसलेले दुसरे कृष्णवर्णीय अभिनेते लॉरेन्स फिशबर्न समजले जात आहे, असा जॅक्सन यांनी अर्थ घेतला आणि सगळे कृष्णवर्णीय अभिनेते सारखे दिसत नाहीत, असे थेट प्रक्षेपणातच सुनावले. रुबिन यांनी लगेच चूक मान्य केली आणि गाडी चित्रपटाकडे वळवण्याचा प्रयत्न केला. पण जॅक्सन यांनी विषय सहजासहजी सोडला नाही. नंतर रुबिन यांनी प्रेक्षकांसमोर पुन्हा क्षमा मागितली, तरी ती चित्रफीत जगभर फिरायची ती फिरलीच. त्यांची नोकरी मात्र टिकली आणि त्यानंतरही दहा वर्षे ते त्याच कार्यक्रमात होते. आमच्या समजुतीप्रमाणे याचे एक कारण असे की, बाहेरच्यांनी त्यांना त्या काही मिनिटांत पाहिले होते, तर शहरातला प्रेक्षक त्यांना दोन दशकांहून अधिक काळ रोज सकाळी पाहत आला होता. नवख्या बातमीदाराला एवढी सवलत मिळाली असती, असे वाटत नाही.