वाचक विचारतात : स्वीडिश चित्रपटांतले शहर

प्रश्न : पुण्यातल्या महोत्सवांत आणि फिल्म क्लबमध्ये गेली काही वर्षे मी स्वीडिश चित्रपट आवर्जून पाहते. परिचयपत्रिकेत ‘स्टॉकहोममध्ये घडणारी कथा’ असे छापलेले असते. पडद्यावर मात्र ना राजवाडा दिसतो, ना पाणी, ना जुन्या शहरातल्या गल्ल्या. दिसतात ते जिने, मॉल आणि इमारतींमधली मोकळी पटांगणे. मग या चित्रपटांत शहर असते तरी कुठे?
— एक वाचक, कोथरूड

उत्तर : आपण जे नोंदवले आहे, तेच या चित्रपटांचे मर्म आहे. स्टॉकहोम चौदा बेटांवर वसलेले आहे आणि कॅमेरा कुठेही ठेवला तरी देखणे दिसते. पण अलीकडच्या दिग्दर्शकांना त्या देखणेपणात फारसा रस नाही. एका वस्तीतल्या माणसाला दुसऱ्या वस्तीत किती सहज पाऊल टाकता येते, हे त्यांना पाहायचे असते. त्याला कारणही आहे. १९६५ ते १९७४ या दहा वर्षांत स्वीडनने दहा लाख घरे बांधण्याची योजना राबवली. देशाची लोकसंख्या तेव्हा ऐंशी लाखांच्या आसपास होती, हे लक्षात घेतले म्हणजे योजनेचा आवाका कळतो. त्यांतली पुष्कळ घरे शहरांच्या कडेला उभी राहिली, आणि पुढे स्टॉकहोमच्या रिंकेबी, टेन्स्टा यांसारख्या वस्त्यांत परदेशांतून आलेली कुटुंबे मोठ्या संख्येने राहू लागली. भुयारी रेल्वेने मध्यवर्ती भागातून तिथे पोहोचायला फार वेळ लागत नाही. तरीही मध्यवर्ती भागात राहणाऱ्या कित्येकांचे तिथे कधी जाणेच होत नाही.

रुबेन ओस्टलुंड यांचा ‘द स्क्वेअर’ (२०१७) या न होणाऱ्या प्रवासावरच उभा आहे. कान महोत्सवाचे सर्वोच्च पारितोषिक मिळालेल्या या चित्रपटाचा नायक एका समकालीन कला संग्रहालयाचा प्रमुख आहे. भर रस्त्यात त्याचा फोन आणि पाकीट चोरीला जाते. फोन एका उपनगरातल्या इमारतीत आहे, एवढे त्याला कळते, घर कोणते ते मात्र कळत नाही. तेव्हा तो धमकीची पत्रे छापतो आणि त्या इमारतीतल्या प्रत्येक घराच्या दारातून एकेक आत सरकवतो. एका मजल्यावरून दुसऱ्या मजल्यावर चाललेला तो सुसंस्कृत गृहस्थ नीट पाहावा. या दारांमागे कोण राहते, हा प्रश्न त्याच्या मनाला शिवतही नाही. त्याच्या लेखी ती सगळीच घरे संशयित आहेत. त्या पत्रामुळे एका लहान मुलावर त्याचे आईवडील चोरीचा आळ घेतात, आणि तो मुलगा माफी मागायला लावण्यासाठी थेट नायकाच्या घरापर्यंत येतो. आता जिना नायकाच्या इमारतीतला असतो, मुलगा त्या जिन्यावर पडतो आणि ‘मदत करा’ ही त्याची हाक वर ऐकू येत राहते. शहराची दोन टोके या दोन जिन्यांत दाखवली आहेत, आणि एवढे स्पष्ट चित्र मी अलीकडच्या युरोपीय चित्रपटांत क्वचितच पाहिले आहे.

याच दिग्दर्शकाचा ‘प्ले’ (२०११) गोथेनबर्ग शहरात घडतो. तिथे २००६ ते २००८ या काळात मुलांच्या एका टोळीने इतर मुलांना लुबाडण्याचे जे प्रकार घडले, त्यांवर तो आधारलेला आहे. लुबाडण्याची रीत अशी : फोन पाहायला मागायचा, तो आपल्या धाकट्या भावाच्या चोरीला गेलेल्या फोनसारखाच दिसतो असे म्हणायचे, आणि खात्री करून घेण्यासाठी समोरच्या मुलांना आपल्याबरोबर यायला लावायचे. पहिलेच दृश्य एका मोठ्या मॉलमधले आहे. कॅमेरा दूर, जवळजवळ न हलणारा. मुले लहान दिसतात, बोलणे मात्र कानाशी बोलल्यासारखे ऐकू येते, आणि मधून माणसे खरेदी करत ये-जा करत राहतात. मोठी माणसे सर्वत्र आहेत, पण मध्ये कोणी पडत नाही. लुबाडणारी मुले कृष्णवर्णीय दाखवल्यामुळे स्वीडनमध्ये या चित्रपटावर कडाक्याचा वाद झाला. वाद होणे योग्यच होते असे मला वाटते, कारण हा चित्रपट प्रेक्षकालाही त्या ये-जा करणाऱ्यांमध्ये नेऊन उभा करतो आणि त्याने कोणाची बाजू घ्यायची हे सांगत नाही.

डॅनियल एस्पिनोसा यांचा ‘इझी मनी’ (२०१०) हा गुन्हेगारीपट या दोन्हींहून वेगवान आहे. त्यातला गरीब विद्यार्थी रात्री बेकायदा टॅक्सी चालवतो आणि एरवी स्टुरेप्लान भागातल्या श्रीमंत मुलांत त्यांच्यासारखाच बनून वावरतो. त्यातल्या हाणामारीपेक्षा हा दुहेरी वावर अधिक लक्षात राहतो.

प्रश्न : ‘लेट द राइट वन इन’ या चित्रपटातली वस्ती खरी आहे का? आणि तिथला बर्फ खरा आहे का?
— एक वाचक, सहकारनगर

उत्तर : वस्ती खरी आहे आणि बर्फही खरा आहे; फक्त बहुतांश बर्फ त्या वस्तीतला नाही. टोमास आल्फ्रेडसन यांच्या या २००८ सालच्या चित्रपटाची कथा स्टॉकहोमच्या पश्चिमेकडील ब्लाकेबेरि या उपनगरात, १९८०च्या दशकाच्या आरंभी घडते. मूळ कादंबरीचे लेखक तिथेच वाढले. ही वस्ती दहा लाख घरांच्या योजनेच्या आधीची, १९५०च्या दशकातली आहे. भुयारी रेल्वेचे स्थानक, त्याभोवती दुकाने, आणि मग झाडांमध्ये विखुरलेल्या मध्यम उंचीच्या इमारती, असा तिचा आराखडा. सामान्य माणसाला नीटनेटके, सुरक्षित घर मिळावे हे त्या काळच्या स्वीडनचे स्वप्न होते, आणि त्याच आदर्श पटांगणात एक एकटा, शाळेत छळला जाणारा मुलगा रात्री लोखंडी खेळण्याजवळ उभा असतो. शेजारच्या घरात आलेल्या मुलीशी तो भिंतीवर टकटक करून मोर्स लिपीत बोलतो. घरांच्या भिंती इतक्या जवळ आणि माणसे इतकी दूर, हे दाखवायला याहून साधी युक्ती सुचणे कठीण.

चित्रीकरणासाठी भरवशाचा बर्फ हवा होता, म्हणून बरेचसे काम देशाच्या उत्तर टोकाकडील लुलेओ शहरात झाले. असे स्थलांतर स्वीडनमध्ये नवे नाही. लुकास मूडिसन यांचा ‘शो मी लव्ह’ (१९९८) ओमोल या लहान गावात घडतो, पण चित्रित झाला ट्रोलहेट्टनमध्ये. त्या प्रदेशात चित्रपटांना अर्थसाहाय्य देणारी प्रादेशिक संस्था आहे आणि त्यामुळे निर्मितीची कामे तिकडे वळतात.

प्रश्न : मी चित्रपटकलेचा विद्यार्थी आहे. रॉय अँडरसन यांच्या चित्रपटांतले शहर स्टुडिओत उभारलेले असते असे वर्गात सांगितले गेले. मग त्याला शहराचे चित्रण म्हणावे का?
— एक विद्यार्थी, एरंडवणे

उत्तर : जरूर म्हणावे. अँडरसन यांचा स्टुडिओ स्टॉकहोमच्या मध्यवर्ती भागात होता, म्हणजे दाराबाहेर खरे शहर असताना त्यांनी आत दुसरे शहर बांधले. ‘साँग्ज फ्रॉम द सेकंड फ्लोअर’ (२०००), ‘यू, द लिव्हिंग’ (२००७), व्हेनिसला सुवर्णसिंह मिळवणारा ‘अ पिजन सॅट ऑन अ ब्रँच रिफ्लेक्टिंग ऑन एग्झिस्टन्स’ (२०१४) आणि ‘अबाउट एंडलेसनेस’ (२०१९) हे सगळे चित्रपट याच पद्धतीचे आहेत. कॅमेरा स्थिर, एक दृश्य म्हणजे बहुधा एकच सलग शॉट, रंग फिकट, आणि खिडकीपलीकडे जी इमारत दिसते ती पुष्कळदा रंगवलेली किंवा लहान प्रतिकृती असते. ‘अबाउट एंडलेसनेस’मध्ये एक जोडपे युद्धात उद्ध्वस्त झालेल्या कोलोन शहरावरून तरंगत जाते, ते शहरही प्रतिकृतीच आहे.

अशा बांधणीचा लाभ असा, की चौकटीत अनवधानाने काहीच येत नाही. ‘यू, द लिव्हिंग’मधल्या एका स्वप्नदृश्यात नवविवाहित जोडपे घरात असते, खिडकीबाहेरचा देखावा सरकू लागतो आणि ते घर रेल्वेसारखे चालत असल्याचे आपल्या ध्यानात येते. आपण अभ्यास म्हणून एक करून पाहावे : कोणतेही दृश्य थांबवून मुख्य पात्र झाकावे आणि मागच्या खिडक्या, दारे, बसलेली माणसे यांकडेच पाहावे. शहर तिथे बसवलेले आढळेल.

प्रश्न : कैरोत घडणारा चित्रपट स्वीडिश कसा?
— एक वाचक, शनिवार पेठ

उत्तर : आपला रोख बहुधा तारिक सालेह यांच्या ‘द नाइल हिल्टन इन्सिडंट’कडे (२०१७) असावा. सालेह स्टॉकहोमचे, वडील इजिप्शियन, निर्मितीचा मुख्य भाग स्वीडिश, म्हणून तो स्वीडिश. इजिप्तमध्ये चित्रीकरण करू दिले गेले नाही आणि कैरो मोरोक्कोतल्या कासाब्लांका शहरात उभे करावे लागले. २०११च्या उठावाच्या उंबरठ्यावरचे ते शहर मला मात्र कुठेही खोटे वाटले नाही.

प्रश्न : माझी मुलगी चौदा वर्षांची आहे. तिच्यासोबत यांपैकी काय पाहावे?
— एक पालक, हडपसर

उत्तर : ‘लेट द राइट वन इन’ रक्तरंजित आहे आणि ‘इझी मनी’ प्रौढांसाठीचा आहे, हे दोन्ही राहू द्यावेत. लुकास मूडिसन यांचा ‘वी आर द बेस्ट!’ (२०१३) पाहावा. १९८२चे स्टॉकहोम, वाद्ये धड न वाजवता येणाऱ्या दोन मुली, गिटार येणारी त्यांची तिसरी मैत्रीण आणि तिघींचा पंक बँड, असे त्याचे कथानक आहे. मोठ्यांची राजधानी मुलींना कशी हवीशी आणि नकोशी वाटते, ते त्यांच्या सरावाच्या खोलीत आणि बसच्या प्रवासात कळते. उपशीर्षके इंग्रजीत असतील. मुलीला ती वाचायला जड जाणार नाहीत. ‘प्ले’ तिच्यासोबत पाहायचा असल्यास आधी आपण एकट्याने पाहावा, आणि नंतर तिच्याशी बोलायला वेळ ठेवावा, कारण त्यातली मुले तिच्याच वयाची आहेत.