एकसामयिक की एकसामायिक?

कराडच्या एका ताईंनी विचारलंय: "मुलगी दहावीला आहे. पुस्तकात 'एकसामयिक समीकरणे' छापलंय, आणि तिच्या वहीत फळ्यावरून उतरवलेलं 'एकसामायिक' आहे. बरोबर कोणतं? पूर्वी आपल्याकडे अशा गणितांना काही नाव होतं का?"

बरोबर पुस्तकातलं. मूळ शब्द 'समय'. त्याला 'इक' लागला की पहिल्या अक्षराचा स्वर वाढतो, मधली अक्षरं जागची हलत नाहीत. प्रसंग–प्रासंगिक, नगर–नागरिक, तसंच समय–सामयिक. 'म'ला काना मिळायचं काही कारणच नाही. 'सामाजिक'मध्ये तो दिसतो, पण तिथे तो 'समाज'चाच आहे, नव्याने आलेला नाही. (काटेकोर माणूस विचारेल, 'एकमत'चं 'ऐकमत्य' होतं, मग इथे 'ऐकसमयिक' का नाही? तयार 'सामयिक'च्या आधी 'एक' जोडलाय, म्हणून. बरंच झालं म्हणायचं.)

मग हा काना येतो कुठून? माझ्या मते शेतातून. आमच्या सांगली-साताऱ्याकडे 'सामाईक' हा रोजच्या तोंडचा शब्द. सामाईक बांध, सामाईक विहीर, भावाभावांचं सामाईक खातं. 'सामयिक' मात्र घरात कोण बोलतंय? कान ओळखीच्या शब्दाकडे ओढला जातो आणि हात काना देऊन मोकळा होतो. मी शाळेत असताना आमच्या फळ्यावरही तो असायचा. मी तो कॉलेजपर्यंत इमानाने वागवला.

त्यात ही चूक अगदीच अर्थहीन नाही, हेच तिचं बळ. मसावितला 'सा' सामाईकचाच आहे, त्यामुळे गणिताच्या तासाला हा शब्द परका वाटत नाही. एक सामाईक विहीरच घ्या. दोन भावांच्या पाण्याच्या पाळ्या मिळून १४ तास, आणि थोरल्याला धाकट्यापेक्षा ४ तास जास्त. थोरल्याचे क्ष, धाकट्याचे य.

क्ष + य = १४
क्ष − य = ४

नुसतं पहिलं समीकरण धरलं तर १० आणि ४ चालतात, ८ आणि ६ चालतात, ७ आणि ७ सुद्धा. नुसतं दुसरं धरलं तर १२ आणि ८ चालतील, ६ आणि २ चालतील. दोन्ही अटी एकदम पाळणारी जोडी एकच: ९ आणि ५. आलेखावर दोन रेषा काढल्या तर त्या याच बिंदूत छेदतात, आणि तो बिंदू दोन्ही रेषांना सामाईक! म्हणजे उत्तर सामाईक असतं, समीकरणं एकसामयिक असतात. इथला 'समय' घड्याळातला नाही. दोन्ही विधानं एकाच वेळी खरी असली पाहिजेत, एवढंच त्यात आहे. हिंदीत यालाच 'युगपत समीकरण' म्हणतात. युगपत म्हणजेही एकाच वेळी.

जुन्या नावांची गंमत वेगळी. आपल्या जुन्या बीजगणितात माहीत नसलेली संख्या म्हणजे 'अव्यक्त'. पहिल्या अव्यक्ताला 'यावत्तावत्' म्हणायचं, त्यापुढच्यांना रंगांची नावं: कालक, नीलक, पीतक, लोहितक. लिहिताना नुसतं या, का, नी. एकाहून जास्त अव्यक्तं आली की ते 'अनेकवर्ण समीकरण'. त्या नावात रंग किती ते मोजलंय, आजच्या नावात वेळ सांगितलीय. मला जुनं जास्त आवडतं, कारण ते डोळ्यांना दिसतं.

आणि बेरीज-वजाबाकी देऊन दोन संख्या काढायच्या, या विहिरीसारख्या गणिताला तर स्वतंत्र नाव होतं: 'संक्रमण'. भास्कराचार्यांच्या 'लीलावती'त (११५०) ते आहे. बेरजेत फरक मिळवून निम्मे करा, मोठी संख्या. बेरजेतून फरक वजा करून निम्मे करा, लहान संख्या. तिथलं उदाहरण बेरीज १०१, फरक २५ असं आहे. उत्तर ६३ आणि ३८. आपल्या विहिरीला लावून बघा: १८ चे निम्मे ९, १० चे निम्मे ५.

मुलीला ही रीत जरूर दाखवा. फक्त पेपरात 'संक्रमणाने सोडवले' असं लिहू नको म्हणावं, तपासणाऱ्याला साथीचा रोग आठवायचा.