अमेरिकन फुटबॉलमध्ये डिफेन्सिव्ह लाइनमन म्हणून करिअर कसं असतं? भाच्याला तेच करायचंय, ताईला काय सांगू?

तुमचा प्रश्न सकाळी कॉफी घेताना वाचला आणि पहिली मीटिंग तशीच गेली. भाचा टेक्सासात, वय 16, उंची 6 फूट 1 इंच, वजन 230 पौंड, कोच म्हणतो पोरात दम आहे, आणि ताई तुम्हाला पुण्यात फोन करून विचारते की काय करू. मी मामा नाही, बाप आहे. हाच प्रश्न आमच्या घरात सात-आठ वर्षांपूर्वी येऊन गेला आणि अजून पुरता गेलेला नाही, म्हणून लिहितोय.

आकडे आधी उरकतो. एनएफएल, म्हणजे अमेरिकन फुटबॉलची व्यावसायिक लीग, तिच्यात 32 संघ, प्रत्येकात 53 जण, त्यात डिफेन्सिव्ह लाइनची, म्हणजे बचावाच्या पुढच्या रांगेतली, पोरं आठ-दहा. ड्राफ्ट म्हणजे संघांनी दर वर्षी नवे खेळाडू निवडणं. त्याच्या सात फेऱ्यांत सगळ्या जागांची मिळून अडीचशेच्या आसपास पोरं घेतली जातात, आणि इकडे हायस्कुलात दर वर्षी दहा लाखांच्या घरात पोरं खेळतात. हायस्कूल सुटल्यावर तीन वर्षं झाल्याशिवाय ड्राफ्टला उभंही राहता येत नाही. नवख्याचा किमान पगार 2025 मध्ये 8,40,000 डॉलर. ऐकायला बरं वाटतं. खेळाडूंची युनियन सरासरी कारकीर्द तीन वर्षांच्या थोडी वर सांगते. लीग सहा सांगते, पण ती पहिल्याच वर्षी संघात टिकलेल्यांनाच मोजते, म्हणजे नापासांना वगळून निकाल लावल्यासारखं. पेन्शनला तीन सीझन लागतात. करारावर लिहिलेला आकडा आणि हमीचा आकडा वेगळे असतात. हमीचा तेवढाच खरा धरा.

आता माझं ऐका.

आम्ही 1999 पासून पिट्सबर्गजवळ मन्रोव्हिलला आहोत. पेन हिल्सचं व्यंकटेश्वराचं देऊळ इथून जवळ, त्यामुळे दिवाळी असो वा पोराचं बारसं, आमच्या सगळ्या फेऱ्या त्या बाजूला. त्याच पेन हिल्सच्या हायस्कुलात ॲरन डोनाल्ड शिकला, पुढे एनएफएलमधला नावाजलेला डिफेन्सिव्ह लाइनमन. आमचा मुलगा आठवीत असल्यापासून देवळाला जाताना गाडीत एकच पालुपद, "बाबा, इथे डोनाल्ड खेळायचा." मी हो म्हणायचो. कोण डोनाल्ड ते मला वर्षभर ठाऊक नव्हतं.

मुलगा नववीत डिफेन्सिव्ह लाइनवर लागला. पहिले दोन सीझन मी दर शुक्रवारी संध्याकाळी बाकड्यावर बसून चेंडू बघायचो, आणि चेंडू बघणाऱ्याला आपलं लाइनमन पोर दिसतच नाही. स्टीलच्या कारखान्यातून रिटायर झालेले एक आजोबा नातवासाठी यायचे. ते एकदा वैतागून म्हणाले, चेंडू सोड, समोरच्याचा जमिनीवर टेकलेला हात बघ. बोटांची पेरं पांढरी पडली असतील तर सगळं वजन पुढे आहे, तो अंगावर येणार, म्हणजे धावायचा डाव. हात नुसता टेकवलाय तर तो मागे सरकणार, म्हणजे पास. पुढच्या आठवड्यात मी दुर्बीण घेऊन गेलो. बायकोला लाज वाटली. पण त्या दिवशी मला पहिल्यांदा खेळ दिसला. चेंडू हलला की पोराचं पहिलं पाऊल, मग दोन्ही तळहात समोरच्याच्या छातीवर आतल्या बाजूने, आणि जो खाली राहील त्याचं चालणार. माझे चुलते कोल्हापुरात तालमीत होते, ते असते तर त्यांना दुर्बीण लागली नसती.

आमचा मुलगा 5 फूट 11 इंच. कोचने नववीतच "लहान पडतो" म्हणून सांगितलं होतं. म्हणून त्याचा देव डोनाल्ड. डोनाल्ड 6 फूट 1 इंच, त्या जागेला तो बुटकाच धरतात. बाराव्या वर्षापासून पहाटे साडेचारला वडिलांबरोबर घराच्या तळघरात वजनं उचलायचा. कॉलेज गावातलंच, पिट, म्हणजे पिट्सबर्ग विद्यापीठ. तिथल्या शेवटच्या वर्षी, 2013 मध्ये, बचावाची सगळी मोठी बक्षिसं घेतली, तरी 2014 च्या ड्राफ्टला त्याच्या आधी बारा जण उचलले गेले. रॅम्स संघाने तेराव्या नंबरला घेतला. हातांचा वेग वाढावा म्हणून खोट्या सुऱ्या घेऊन समोर उभ्या राहिलेल्या ट्रेनरचे हात उडवायचा सराव करायचा. तो व्हिडिओ आमच्या घरात इतका चालला की मुलगा स्वयंपाकघरात उलथनं घेऊन धाकट्या बहिणीला समोर उभा करायचा. मग तिची तक्रार माझ्याकडे.

दुसरा त्याचा देव जॉन रँडल. 1990 मध्ये ड्राफ्टला कुणी विचारलं नाही. व्हायकिंग्ज संघाने सांगितलं 250 पौंडांच्या वर ये, तर हा कपड्यांखाली साखळी लपवून काट्यावर चढला. पुढे 137.5 सॅक, म्हणजे पास टाकणाऱ्या क्वार्टरबॅकला चेंडू फेकायच्या आत पाडणं, आणि 2010 मध्ये हॉल ऑफ फेम. तुमचा भाचाही हे तुम्हाला ऐकवेल. ज्यांनी साखळी लपवली आणि तरी घरी पाठवले गेले त्यांचे व्हिडिओ नसतात, हे त्याला सांगून उपयोग नाही. मी सांगून बघितलंय.

ऑक्टोबर 2017, मुलगा अकरावीत. तिसऱ्या क्वार्टरमध्ये दोघांनी मिळून त्याला अडवला, तो मागे पडला आणि उठला. उठला म्हणून मी निश्चिंत. पुढचे चार-पाच डाव तो खेळला. दुर्बिणीतून मला दिसत होतं की त्याचा हात जमिनीवर उशिरा टेकतोय, एका डावाला तर चेंडू हलल्यावर टेकला. मी मनात म्हटलं, दमला असेल. गाडीत बसल्यावर त्याने विचारलं, जिंकलो का. सांगितलं, हरलो. सिग्नलला परत विचारलं. घराच्या वळणावर तिसऱ्यांदा. लाइनवरची पोरं बोटांना चिकटपट्टी गुंडाळतात. त्या रात्री ती सोडवायचं टोक त्याला सापडेना. ओट्यापाशी उभा राहून तो एकाच बोटाकडे बघत राहिला. शेवटी बायकोने कोथिंबीर कापायच्या कात्रीने एकेक पट्टी कापली आणि मी गाडीची किल्ली परत हातात घेतली.

डोक्याला मार. तीन आठवडे बाहेर. पेनसिल्व्हेनियात 2012 पासून कायदा आहे, डॉक्टरने लेखी दिल्याशिवाय पोराला परत उतरवता येत नाही. तसं लेखी मिळालं आणि शेवटची मॅच तो खेळला. कोचने मला हस्तांदोलन करून सांगितलं की पोरगा चिवट आहे. मला त्याच्या तोंडून दुसरं काहीतरी ऐकायचं होतं.

मग 2018 चा उन्हाळा. बारावीच्या सीझनसाठीचा फॉर्म. बरीच पानं असतात, त्यात डोक्याच्या माराचं एक पान, खाली पालकाची सही. मुलाने तो ओट्यावर ठेवला आणि वर पेन ठेवलं. मी पेन उचलून डब्यात ठेवायचो, सकाळी ते परत फॉर्मवर. असं नऊ दिवस. बायको म्हणाली, "कर सही, एकच वर्ष उरलंय." मी तिला माईक वेब्स्टरचं वाचायला दिलं. पिट्सबर्गच्या स्टीलर्स संघाचा सेंटर, म्हणजे बचावाच्या रांगेत मधोमध असणाऱ्या नोज टॅकलच्या थेट नाकासमोरचा माणूस, चार सुपर बोल, म्हणजे लीगचे अंतिम सामने, जिंकलेला. 2002 मध्ये पन्नाशीत गेला आणि इथल्याच काउंटीच्या शवविच्छेदन कचेरीत डॉ. बेनेट ओमालूंनी त्याचा मेंदू तपासला. सीटीई हा डोक्याला वारंवार मार लागून होणारा मेंदूचा आजार फुटबॉलवाल्यांमध्ये पहिल्यांदा सापडला तो आमच्या गावात. लाइनवाल्याला मोठा मार क्वचित लागतो. त्याला दर डावाला छोटा लागतो, मॅचमध्ये पन्नास-साठ वेळा, आणि ते कुणी मोजत नाही. मी सही केली नाही.

त्या सीझनला डोनाल्डने ऑगस्टअखेर सहा वर्षांचा 135 दशलक्ष डॉलरचा करार केला, त्यातले 87 हमीचे, आणि 20.5 सॅक काढले, डिफेन्सिव्ह टॅकलमध्ये, म्हणजे रांगेतल्या आतल्या जागेवरच्यांत, इतके कुणीच काढले नव्हते. आमचा मुलगा दर रविवारी तळघराचं दार लावून मॅच बघायचा. जेवायला वर यायचा, ताट उचलून खाली न्यायचा. माझ्याशी मोजकंच बोलायचा, तेही बहुतेक गाडीच्या किल्लीपुरतं.

15 मार्च 2024 ला डोनाल्ड रिटायर झाला. वय 32, दहा सीझन, दहाही वेळा प्रो बोलला, म्हणजे लीगच्या निवडक खेळाडूंत, निवड, तीनदा वर्षातला सर्वोत्तम बचावपटू, 111 सॅक, एक सुपर बोल. त्या सुपर बोलात सामना संपायला 39 सेकंद असताना बेंगल्सच्या क्वार्टरबॅकला गरागरा फिरवून शेवटचा पास बिघडवला तो यानेच. करारात पैसे शिल्लक होते, अंग धड होतं, आणि हा थांबला. मी ती बातमी मुलाला पाठवली आणि खाली लिहिलं, बघ, शहाणा माणूस वेळेवर थांबतो. अर्ध्या तासाने त्याचं उत्तर आलं: "बाबा, तो स्वतः थांबला."

माझं आजही म्हणणं आहे की मी बरोबर होतो. सोळा-सतरा वर्षांच्या पोराला स्वतः थांबता येत नाही, ते काम दुसऱ्या कुणीतरी करावं लागतं, आणि कोच ते करणार नाही, कारण त्याला शुक्रवारी अकरा पोरं उभी करायची असतात. डोनाल्डला 32 व्या वर्षी थांबता आलं कारण थांबण्याइतकं हातात होतं. माझ्या पोराच्या हातात काय होतं? हे मी त्याला समोरासमोर अजून बोललेलो नाही. तो आता शिकागोला असतो, सणाला येतो, बरं चाललंय.

आता जे आधी सांगायला हवं होतं ते. एक, माझा मुलगा एनएफएलच काय, कॉलेजच्या मोठ्या संघातही गेला नसता, तेव्हा आमच्या गोष्टीवरून तुमच्या भाच्याचं मोजू नका. दोन, 2017 मध्ये बॉस्टनच्या डॉक्टरांनी तपासलेल्या 111 एनएफएल खेळाडूंच्या मेंदूंपैकी 110 मध्ये सीटीई निघाला, हे तुम्हाला कुणीतरी पाठवेलच. पण ते मेंदू ज्या घरांना शंका होती त्यांनी दान केलेले होते, सगळ्या खेळाडूंचं ते प्रमाण नव्हे. मी हा आकडा बायकोसमोर वापरताना शेवटचं वाक्य गाळलं होतं. तीन, त्या उन्हाळ्यात मार हे एकच कारण नव्हतं. कॉलेजचे अर्ज त्याच हिवाळ्यात भरायचे होते आणि अकरावीचे मार्क घसरले होते. मी वेब्स्टरचं नाव घेतलं कारण वेब्स्टरपुढे कुणाला बोलता येत नाही.

ताईला सांगा, फॉर्मची सगळी पानं वाच, आणि दोन-चार मॅच चेंडू न बघता बघ. हात टेकायला उशीर होऊ लागला तर कोचच्या आधी तुला कळलं पाहिजे. खेळू द्यायचं की नाही हे मी सांगणार नाही. आणि नाही म्हणायचं असेल तर खरं कारण सांगून म्हण.

उंचीचं राहिलंच. 6 फूट 1 इंच चालते, पण आतल्या जागेवर, गार्डच्या, म्हणजे सेंटरच्या शेजारच्या माणसाच्या, बाहेरच्या खांद्यासमोर, ज्याला थ्री टेक्निक म्हणतात तिथे. डोनाल्ड तिथलाच. नोज टॅकलला 230 पौंड म्हणजे काहीच नाही, तिथे तीनशेच्या पुढचे लागतात. वजन कॉलेजात चढवतात, त्याची आत्ता काळजी नको. पहिलं पाऊल किती झटकन पडतं तेवढं बघायला सांगा.