फोटो नाहीत, आठवणही नाही. माहितीपट कसा करू?

प्रश्न : जपानी वंशाच्या अमेरिकी दिग्दर्शिका रिआ ताजिरी यांच्या ‘हिस्टरी अँड मेमरी’ या माहितीपटामध्ये वाळवंटातल्या नळावर पाणी भरणारी मुलगी पुन्हा पुन्हा दिसते. ते चित्रण जुनं आहे का? मला आजीवर माहितीपट करायचाय, पण घरात एकही जुना फोटो नाही आणि तिला आता आठवतही नाही.

उत्तर : जुनं नाही, ताजिरींनी ते नव्याने उभं केलंय. दुसऱ्या महायुद्धात, १९ फेब्रुवारी १९४२ च्या अमेरिकी अध्यक्षांच्या आदेश क्र. ९०६६ नंतर अमेरिकेच्या पश्चिम किनाऱ्यावरच्या जपानी वंशाच्या सुमारे १,२०,००० लोकांना छावण्यांत डांबलं गेलं. कॅमेरे जमा करून घेतलेले, त्यामुळे घरगुती चित्रण जवळपास नाहीच. ताजिरींची आई ॲरिझोनातल्या पोस्टन छावणीत होती, पण तिथलं तिला फारसं आठवत नव्हतं. लेकीच्या मनात मात्र ते नळाचं दृश्य घर करून होतं. १९९१ च्या या ३२ मिनिटांच्या फिल्ममध्ये ताजिरी पोस्टनला जाऊन त्याचा माग काढतात आणि ते दृश्य आईसाठी घडवतात.

तुम्ही फोटोंची वाट पाहू नका, वस्तूपासून सुरुवात करा. ताजिरींच्या आईकडे ताजिरींच्या आजीने दिलेली लाकडी पक्ष्याची पिन होती. पुढे सरकारी अभिलेखागारात एक फोटो सापडला : पोस्टन, १९४२, पक्षी कोरण्याचा वर्ग, आणि त्यात बसलेली ताजिरींची आजी! घरातली अडकित्ता, पेटी, रेशनकार्ड अशी एकेक वस्तू आजीच्या हातात द्या आणि कॅमेरा तिच्या बोटांवर ठेवा.

‘आठवतंय का?’ असं विचारू नका. ती परीक्षा वाटते, माणूस गप्प होतो. ‘हे कशाला लागायचं?’ असं विचारा. एका बैठकीत पंधरा-वीस मिनिटं पुरेत. कॉलर माइक हनुवटीखाली वीतभर अंतरावर लावा, पंखा बंद ठेवा, आणि शेवटी अर्धा मिनिट नुसत्या खोलीचा आवाज घ्या. तो नसला की संकलनात जोड कानाला खटकतात. तिने साल किंवा नाव चुकवलं तर दुरुस्त करू नका. ताजिरींची २०२२ ची ‘विज्डम गॉन वाइल्ड’ ही स्मृतिभ्रंश झालेल्या त्याच आईवरची फिल्म आहे. आई ज्या काळात असेल तिथे लेक जाते, म्हणूनच ती फिल्म इतकी जिवंत झालीये.

नव्याने रचलेलं दृश्य जुनं म्हणून खपवू नका, प्रेक्षकाचा विश्वास तिथेच तुटतो.

प्रश्न : मग ‘हिस्टरी अँड मेमरी’त हॉलिवूडच्या सिनेमांचे तुकडे कशासाठी?

उत्तर : अनुपस्थिती दाखवायला. १९५५ च्या ‘बॅड डे ॲट ब्लॅक रॉक’मध्ये सगळी गोष्ट कोमोको नावाच्या जपानी शेतकऱ्याच्या खुनाभोवती फिरते, पण तो पडद्यावर एकदाही दिसत नाही. तुम्ही असा तुकडा वापरणार असाल तर हक्क आधी विचारा. अमेरिकी सरकारी कर्मचाऱ्यांनी कामाचा भाग म्हणून काढलेल्या फोटोंना तिथे कॉपीराइट नसतो, व्यावसायिक सिनेमाचं तसं नाही.